वळण

पदवी नव्हती, हात स्थिर होता, म्हणून ट्रेसर.
त्र्याहत्तर साल. वाशीच्या साइट ऑफिसात, पत्र्याखाली,
अमोनियाचा वास मारणारे नकाशे
बोंबलांसारखे दोरीवर टांगलेले.

केळशीकर साहेबांकडे एक अमेरिकन मासिक होतं,
अठ्ठावन्नचं, गुळगुळीत.
हिरवळ, हिरवळीपुढे गाडी, गाडी धुणारा बाप.
लढाई संपून तेरा वर्षं झालेली,
खांदे अजून कवायतीतले.
आई फ्रिज उघडून उभी, देव्हाऱ्यापुढे राहावं तशी.
केवढं दूध आत!
त्याच साली आमच्या शाळेत
त्याच देशाची भुकटी पिंपात ढवळत होते.
पिंपावर दोन हात, हातात हात दिलेले.
त्यातला एक माझा, असं मी धरून चालले होते.

साहेब म्हणाले, घरं राहू देत, झेपायची नाहीत.
रस्त्यांचं वळण तेवढं घे.
घेतलं.
आत वळून संपणाऱ्या गल्ल्या,
पोरांनी निर्धास्त खेळावं म्हणून.

मग जुहूगावाभोवती रेघ.
आत गावठाण, बाहेर सेक्टर.
पदाजी म्हात्रे दारात, पोटऱ्यांवर खाडीचा चिखल,
"बाय, माजा मिठागर कंच्या आंगाला?"
मी पेन थांबवलं नाही.
थांबलं की ठिपका पडतो.

भाच्याने न्यू जर्सीत घर घेतलं, एक्कावन्न सालचं,
शिपायांना हप्त्यावर दिलेल्या घरांपैकी.
फोनवर म्हणाला, मावशी, गंमत ऐक,
जुन्या खतात अट आहे:
गोऱ्यांखेरीज कुणाला राहायला देऊ नये.
कायद्याने कधीच मेली, पण कागदावर आहेच.
मी विचारलं, त्याच लढाईतून परतलेले काळे शिपाई?
त्याने विषय बदलला.
म्हणाला, आमची गल्ली अगदी तुमच्या सेक्टरसारखी वळते.

मे महिन्यात तेजल म्हात्रे आली, पदाजीची नात,
बँकेत अधिकारी, भाड्याने फ्लॅट बघायला.
नाही असं कुणीच म्हटलं नाही.
कमिटीत कुणी सुक्या मासळीचा वास काढला,
कुणी म्हणालं, मालकाने दुसऱ्याला शब्द दिलाय.
मी सेक्रेटरी. इतिवृत्त लिहिलं.
सत्तरी उलटली तरी अक्षर नेटकं,
कुठे ठिपका नाही.

खाली तिने स्कूटर सुरू केली,
सवयीने पुढे गेली.
आमची गल्ली पुढे संपते.
वळून
परत माझ्याच खिडकीखालून तिला जावं लागलं.