डोंगरचा चहा

भिंतीपलीकडे पोलिक्सेनी खोकते.
आज तिसरी रात्र.
आधी कोरडी ढास, मग आतून काही ओढून काढल्यासारखा आवाज,
मग शांतता. तीच जास्त वाईट,
कारण मी पुढच्या उबळीची वाट बघत जागी राहते.

अकरा वर्षं आमचा अबोला.
अक्रोडाचं झाड होतं. मुळं तिच्या अंगणात,
फांद्या माझ्या दगडी छपरावर.
माझ्या नवऱ्यानं करवत लावली,
तिच्या नवऱ्यानं गाव गोळा केलं.
झाड गेलं, मग एकामागून एक ते दोघेही गेले,
भांडण तेवढं आम्हा दोघींकडे राहिलं,
वाटणीत आल्यासारखं.

उठले. दिवा लावला नाही,
या स्वयंपाकघरात डोळ्यांचं काम हातच करतात.
तुळईला उलट्या टांगलेल्या जुड्या,
जुलैत नेमेर्चकाच्या उतारावरून आणलेल्या,
खडकाच्या फटीतून, जिथं माती नावालाच.
कात्रीनं कापायचा, उपटायचा नाही;
उपटणाऱ्याला पुढच्या वर्षी डोंगर ओळख देत नाही.
आणि वाळवायचा सावलीत.
उन्हात वाळवलेला दिसायला चहा, चवीला गवत.

पाच काड्या. नाही, सात,
तिची छाती भरलीय.
काड्या मोडून घालायच्या, देठ, पानं, पिवळी फुलं, सगळं,
आणि गार पाण्यातच, म्हणजे दोघं बरोबर तापतात.
शहरातले लोक वरून कढत पाणी ओततात
आणि म्हणतात, याला काही चवच नाही.
अरे, खडकावर वाढलेलं झुडूप ते,
एवढ्याशा भिजण्यानं कसं बोलेल?
मंद आचेवर उकळू द्यायचं,
एखादं जुनं गाऱ्हाणं मनात पहिल्यापासून घोळवून होईल
इतका वेळ.
मी अक्रोडाचं घोळवलं.
करवतीपाशी पोचले तोवर पाणी पिवळं झालं होतं.
मग झाकण. मग गाळणं. मग मध.

आमची दाफिना पेर्मेतच्या दवाखान्यात नर्स आहे.
ती म्हणते, घशाला बरा, पोटाला बरा,
कफ सुटायला हातभार लागतो,
पण ताप चढला तर चहावर विसंबून बसू नका,
मला फोन करा.
सासू म्हणायची, पूर्वी तलवारीच्या जखमेवर हाच बांधत.
खरं खोटं ती जाणे.
मला एवढंच ठाऊक, की पडशात, बाळंतपणात,
आणि नवरा गेला त्या आठवड्यात
कुणीतरी याचा पेला माझ्या हातात दिला होता
आणि हात थरथरायचे थांबले होते.

कोण होतं ते?
आज गाळणं हातात धरून आठवून बघितलं.
बायकांची दाटी, काळे रुमाल, ओल्या लोकरीचा वास,
आणि पेल्याला निळी कड.
निळ्या कडेचा पेला
माझ्या घरात कधीच नव्हता.

उभी राहिले थोडा वेळ.
मग अजून एक चमचा मध घातला असं म्हणेन,
पण खरं सांगायचं तर मध संपत आला होता.

बरणीत ओतला. बरणी लोकरी मोज्यात घातली,
गार होऊ नये म्हणून.
भिंतीवर ठेवली, आणि तिच्या खिडकीवर
एक खडा मारला. मग दुसरा.
दार वाजलं. सपाता वाजल्या.
मग काहीच नाही.

त्या रात्री ती खोकली, पण कमी.
की मीच झोपले? सांगता येत नाही.
गुण कुणाला आला, तिला की मला,
हे दाफिनाच्या कानातल्या नळ्यांनाही कळायचं नाही.

सकाळी बरणी भिंतीवर. रिकामी. न धुतलेली.
मोजा परत आलाच नाही.
आणि पलीकडून, अंगण झाडता झाडता,
कुणालाच उद्देशून नाही अशा आवाजात:
“मध कमी होता.”

अकरा वर्षांनी बाई बोलली ती हे.

मी जुडी खाली काढली.
आज आठ काड्या.
मधाचं, बघू.