मधलं नाव

तुर्भे विभाग कार्यालय, खिडकी क्रमांक तीन.
एकतीस वर्षं मी लोकांच्या काना-मात्रा दुरुस्त करतोय.
शाहिस्ताचा ह, जोसलिनची वेलांटी,
आणि इंगळ्यांची ती मुलगी,
सहा वर्षं शाळेत 'सुजता' म्हणून हजर होती.

स्वतःची सही मात्र आखूड करतो : उ. के. पाटील.
के म्हणजे केशव, असं ऑफिसात समजतात.
मी कधी हो म्हटलं नाही.
नाहीही म्हटलं नाही.

मार्चअखेरीला एक म्हातारा आला, पालमूरचा.
वाशीचे रस्ते होत होते तेव्हा खडी वाहायला आलेला,
तो परत गेलाच नाही.
सोबत मुलगा, गळ्यात कंपनीचा पट्टा.
नातवाच्या दाखल्यावर बापाचं पूर्ण नाव,
त्यात म्हाताऱ्याचं मधे येतं.
"पेंटय्याऐवजी पवनकुमार करता येईल का?
पासपोर्टला बरं."

मी म्हटलं, गॅझेट लागेल, प्रतिज्ञापत्र लागेल.
आणि सहज विचारलं, अर्थ काय हो?

म्हाताऱ्याने खिडकीबाहेर बोट केलं.
डोंगराच्या अंगाला डम्पिंगचा दुसरा डोंगर,
वर घारी.
"वो. पेंटा. उकिरडा."
माझ्या आदी चार गेले, तो म्हणाला,
मंग आईनी मला उकिरड्यावर ठेवला,
शेजारणीनी उचलला,
आई दोन मूठ कोंडा देऊन परत विकत घेतली.
मरण येणार, बघणार, हा तर कचरा. जाणार.
"गेला," तो म्हणाला, "बहात्तर झाले."

मुलगा मोबाईलकडे बघत राहिला.
केर काढणारी कंत्राटी बाई दारात थांबली होती.
ती हसली, हातातली सुपली उंच धरली :
"मैं कुप्पम्मा. सेम टू सेम."

मला मागे कधीतरी नोंदलेला घुरहू आठवला, भदोहीचा.
त्याला मी हसलो होतो. चहा पिताना, दोघातिघांत.

आजी म्हनायची, केरू ठेवा.
केराला कोन नेतंय?
त्याच्याआधीची तिघं
मिठागराच्या बांधाला पुरलेली होती.
आणि शाळेत पट घेताना
'उमाकांत केरू' म्हणून मास्तर जरा थांबायचे,
तेवढ्यात वर्ग हसून घ्यायचा.
एकदा घरी येऊन मी बाबांशी बोललो नाही, दोन दिवस.
त्यांनी कारण विचारलं नाही.
त्यांना ठाऊक असणार.

त्या बायका एकमेकींना कधी भेटल्या नसतील.
भेटल्या असत्या तरी बोलल्या कशात असत्या?
पण मरणाला ठकवायची युक्ती
तिकडेही तीच, इकडेही तीच :
सगळ्यात लाडक्याला
सगळ्यात टाकाऊ शब्दात गुंडाळायचं.

"राहू दे," म्हातारा मुलाला म्हणाला तेलुगूत.
तेलुगू मला येत नाही. पण एवढं कळलं.
मुलाने अर्ज घडी करून खिशात घातला.
फाडला नाही. पुढच्या महिन्यात येईलही.

आता माझी नात. घणसोलीत, अकराव्या मजल्यावर.
लेकीने नाव शोधलं : कायरा.
मोबाईल म्हणतो, ग्रीकमध्ये मालकीण.
दुसरीकडे म्हणतो, सूर्यासारखी.
मला त्यात दुसरंच काही ऐकू आलं.
मी म्हटलं, छान आहे.

बारशाला फुगे, केक, फोटोवाला.
सूप कुठे असणार त्या घरात?
सगळे जेवायला वळले तेव्हा
मी बाल्कनीतून केराची सुपली आणली,
निळी, प्लास्टिकची, धुऊन पुसून,
आणि पाळण्याखाली सरकवली.

कुणी विचारलं तर म्हणेन,
राहिली असेल चुकून.