कसर

वाचनालयाच्या रद्दीत मिळालेला फारसी कोश,
साडेतीन किलो, वजनावर घेतलेला.
बांधायला दिला विजापूर वेशीत
इलाही नदाफ मास्तरांकडं.
उर्दू शाळेतून सुटल्यापासून त्यांचं
दाभण, खळ आणि कापडी पुठ्ठा.

'बे'ची पानं जुळवताना थांबले.
"तळभंडारे, एक शब्द कसरीनं खाल्ला बघा.
बुतपरस्त.
मूर्ती पुजणारा. एवढं कुणीबी सांगंल.
पन बुत कुठला?
तुमचाच की वो. बुद्ध."

मी हसलो.
मागच्या गल्लीत माग खडखडत होते,
धोटा इकडून तिकडं, तिकडून इकडं.

मास्तर सांगत होते, बल्खकडची वाट,
उंटांवर रेशीम, आणि प्रत्येक घाटात
दगडातून कोरलेला तोच एक शांत चेहरा.
परक्या तोंडात नाव झिजलं,
जोडाक्षर गळालं, शेवटचा ध पडला,
मग कुठलीही मूर्ती दिसली की बुत,
आणि कुणी हात जोडले की
बुतपरस्त.

म्हणजे, मास्तर,
जो म्हणाला स्वतःच दिवा व्हा,
त्याच्याच नावानं
जगभरच्या दगडांचं बारसं?

ते काही बोलले नाहीत.
दाभणात दोरा ओवत होते,
तिसऱ्यांदा.

आमच्या आज्ज्यानं सत्तावन साली
टाक, मुखवटे, देवीची चांदीची पावलं
गोणपाटात बांधून विहिरीत सोडली.
आवाज कसा आला, असं विचारलं
की तो ओठ मिटून हवा सोडायचा:
बुत्.
आम्ही पोरं पुन्हा पुन्हा करायला लावायचो.

बुधवार पेठेतल्या घरी
फळीवर प्लास्टरचा बुद्ध, नाकाचा टवका उडालेला.
आई जुन्या चादरीच्या काठानं
त्याचा कान पुसत होती, मागचासुद्धा,
जो कुणाला दिसत नाही.
"आई, आपण बुतपरस्त का गं?"
"ते काय असतंय?"
सांगितलं. बल्ख, उंट, ध, सगळं.

तिनं फडकं झटकलं.
"धूळ बसती, बाबा.
मग पुसू नको होय?"

कोश आला गुरुवारी, एकशेऐंशी रुपये.
खाल्लेल्या जागी मास्तरांनी
पातळ कागद डकवलाय, कोरा.
पेन्सिल घेऊन बसलोय.
अर्थ पाठ आहे.
हात चालत नाही.