जळकी वाळू

शनिवारी पाळी सुटली की
फाउंड्रीतली अर्धं पोतं जळकी वाळू
एक्सेलच्या पुढ्यात ठेवून मी शियेला नेतो.
साच्यातून निघालेली, काळी, आतून अजून कोमट.
सुभेदार रेडेकरांना हीच लागते.
नदीची वाळू घसरते म्हणतात, हिला कडा धरता येतात.

गोठ्यापासून चार हात सोडून
ते गुडघ्यावर बसतात आणि टेकडी उभी करतात.
निळीचा ओढा. रांगोळीची काटेरी तार.
शेणीचा चुरा म्हणजे झुडपं.
चिंचोके म्हणजे माणसं.
भोवती भरतीला निघालेली सतरा पोरं, दोन पोरी,
आणि कडेला मी,
तीन भरत्यांत तीनदा अर्ध्या सेंटीमीटरनं उरलेला.

“हल्ला शिकायचाय? आधी वरच्याकडं बघा.
त्याला काय करायचं न्हाई, नुसतं जागं ऱ्हायचंय.
तुमाला चढायचंय, धापा टाकायच्यात, आन् वर नेम धरायचाय.
म्हणून एकाला तीन.
तीन आणायचे कुठनं?
सगळीकडं थोडंथोडं मारणारा कुठंच मारत न्हाई.
एक जागा हेरा. तिथं तीन.
बाकीकडं नुसता आवाज.”

मगदूमांच्या श्रुतिकाला बचाव लावायला सांगितला.
तिनं सगळे चिंचोके माथ्यावर ओळीनं मांडले,
देवळापुढं पणत्या मांडाव्यात तसे.
“आभाळावर उभी केलीस पोरी,” ते म्हणाले,
आणि टिचकीनं दोन उडवले.
“पाठीवर बस. माथा ओलांडला की तो उघडा पडतो, तू न्हाईस.
आन् ह्या खड्ड्याम्होरची जमीन त्या खड्ड्यातनं दिसली पायजे.
आपलंच दार राखणारा मरतो.
शेजाऱ्याचं दार राख. तो तुझं राखंल.”

मांडून झालं तरी
त्यांच्या डाव्या मुठीत काहीतरी उरलेलंच असतं.
पोरं विचारतात, ते मूठ उघडत नाहीत.
“राखीव. हे दिसलं की संपलं.”

मुजावरांच्या शहानवाजनं विचारलं,
“टेकडी घेतली. फुडं?”
“घेतली की पयलं काय करायचं?”
कोणीतरी म्हणालं, झेंडा.
“फावडं.
त्याचे खड्डे आपल्याकडं तोंड करून असत्यात.
आपल्याला पलीकडं बघणारे लागत्यात.
माणसं मोजायची. गोळ्या मोजायच्या, वाटून घ्यायच्या.
तो परत येतो.
दम खायला बसलात की येतो.”

मग पोरांकडं न बघता,
“आमी पाणी प्यालो.
घोरपड्यानं बिडी काढली. काडी लागंना.
कोणतरी हसलं.”

म्हशीनं शेपटी हाणली. पत्र्यावर कावळा चालला.

“बारा मिंटं,” ते म्हणाले.

कुठली टेकडी, कुठलं साल, ते कधीच सांगत नाहीत.
काळ्या माथ्यावरचे तीन चिंचोके त्यांनी उचलले,
डब्यात टाकले नाहीत,
सदऱ्याच्या खिशात घातले, आणि बटण लावलं.
आतून काकूंनी चहाला हाक मारली.
उठताना त्यांचा गुडघा वाजला,
श्रुतिका हात द्यायला पुढं झाली, त्यांनी घेतला.

अंधार पडायला काकू टेकडी लोटून कोपऱ्यात नेतात.
तिथं आधीच्या सगळ्या टेकड्या आहेत,
एकच ढीग,
त्यात कोंबड्या धूळ घेतात.

सोमवारी रात्री शेवटची पेटी ओतून झाली.
भट्टीचा आवाज उतरला.
गडी हेल्मेट काढून पाणी पीत होते,
एकमेकांच्या काजळलेल्या तोंडाला हसत होते.
मीही बाटली उचलली.
आणि माझी मान आपोआप वळली
मागच्या शटरकडं,
जिथनं कोणी येणार नव्हतं.