पावणेसातची फेरीबोट

मालिकेत काही म्हणजे काही घडायचं नाही.
एका भागात टिकूचं खोडरबर हरवलं.
एका भागात दात हलला, पडला नाही.
छत्री उलटी झाली की जहाज,
मोरीतला निळा टब म्हणजे अख्खा समुद्र,
आणि आई स्वयंपाकघरातून ओरडायची, 'पाणी सांडू नकोस.'
आई कधी दिसायची नाही. नुसता आवाज.

रायबंदरला टीव्ही केंकऱ्यांकडे.
शनिवारी शिकवणी सुटली की आम्ही तिथे,
फेर्मीन, उल्हास, मी, आणि दाराजवळ उर्सुला,
कारण तिला अर्ध्यातून उठायचं असायचं.
चोडणची बोट कुणाच्या खोडरबरासाठी थांबत नाही.

शेवट तिला सोमवारी सांगायचो. तिघांचे तीन.
फेर्मीनच्या शेवटात शेवटो असायचाच, मासा.
त्याने खोडरबर गिळलं
आणि मांडवीवर काढलेल्या सगळ्या रेघा पुसत निघाला.
उल्हासने हेडमास्तरांची मिशी पुसली.
माझ्या शेवटात ते खिशातच सापडलं.
खरं तेच होतं, पण कुणाला आवडलं नाही.
उर्सुला तिन्ही ठेवून घ्यायची,
पोदेराकडून पाव मोजून घ्यावेत तशी.

एकदाच तिने आम्हाला सांगितलं, धक्क्यावर.
'टिकूची आई कुवेतला असते.
स्वयंपाकघरात टेप आहे. ती कॅसेट पाठवते.
म्हणून दर वेळी तेच बोलते.'
फेर्मीनने हसायला तोंड उघडलं
आणि जांभई देऊन मिटलं.
बोटीची फळी खणखणत खाली आली.

पुढच्या शनिवारी आईच्या आवाजामागे
बारीक खरखर ऐकू आली.
आधीपासून होती का, कुणास ठाऊक.

मग मार्चमधला शेवटचा भाग.
दात पडला एकदाचा.
आणि सातला दोन मिनिटं असताना
आई बाहेर आली,
पदराला हात पुसत. बुटकी. गालाला पीठ.
दात तळहातावर घेऊन बघत राहिली.
'अगो, ही होय!' केंकरेबाई म्हणाल्या.
आम्ही तिघं दाराजवळच्या फरशीकडे बघत होतो.

सोमवारी उर्सुलाने विचारलं.
फेर्मीनला मासा सुचेना.
'लाइट गेली,' उल्हास म्हणाला. 'ऐन वेळी.'
'सगळ्या रायबंदरची,' मी म्हणालो.

तिने डबा उघडला, दोदोलचे चार तुकडे केले,
मोठा फेर्मीनला दिला.
'बोटीतून दिवे दिसत होते तुमचे,' म्हणाली,
'घरी पोचेपर्यंत.'