कले

गॅलरीवाले मेलवर विचारतात,
नावाखाली गाव कुठलं टाकू?
मी शहापुरात, आबांच्या बंद वर्कशॉपात,
पत्र्याच्या एका पाटीवर पॉलिश पेपर घासत बसलेय.

मुतगेकरांच्या सायकल दुकानाची पाटी.
वरचा थर कन्नड, पिवळ्यावर तांबडा.
त्याखाली इंग्रजी, घाईत काढलेलं.
त्याखाली डांबर.
डांबराखाली मराठी, आबांच्या हातचं,
'सायकल'मधल्या य ला तो त्यांचा पोट सुटलेला वळसा.
त्याखाली पुन्हा डांबर,
पुन्हा कन्नड.
कुणी फासलं, कुठल्या साली, कुठल्या बाजूनं,
विचारलं तर खडे बाजारात अजून तीन उत्तरं मिळतात
आणि चौथा माणूस चहा सांगतो.

आबांना कन्नड वाचता येत नव्हतं.
चित्र काढावं तसं काढायचे.
अव्वा बैलहोंगलची. दारात उभी राहून सांगायची,
"खालचा ओत्तु राहिला की ओ."
आबा ब्रश पुन्हा डब्यात बुडवायचे.
एका औषध दुकानावर तो राहिलाच.
अकरा वर्षं दुकान चुकीच्या अक्षरावर चाललं,
गिऱ्हाईक काही कमी झालं नाही.

घरी मी भावाची ताई.
आजोळी तायी म्हणजे आई.
लहानपणी तो दोघींना एकच हाक मारायचा,
जी जवळ असेल ती ओ द्यायची.

मी राहते त्या देशातही
भाषेची एक रेघ शेतांतून जाते.
रेघेजवळच्या गावांत पाटीवर दोन नावं,
आणि रात्री कुणीतरी एकावर काळा स्प्रे मारतं.
पहिल्यांदा पाहिलं तेव्हा बसथांब्यावर एकटीच हसत सुटले,
इतकी, की शेजारच्या बाईनं पाण्याची बाटली पुढं केली.
तिला कसं सांगणार, घरची आठवण आली म्हणून.
कल्लूमावशीचं म्हणणं वेगळंच:
"बेळगावची पोरगी बेल्जियमला?
पोस्टमन चुकलाय बघ तुझा."

कॅटलॉगात 'दोन संस्कृतींमधला पूल' छापणार होते.
मी कळवलं, पूल नको.
आमच्या मार्कंडेय नदीवरचा एक
दर आषाढात पाण्याखाली असतो.

कन्नडात कले म्हणजे कला.
कले म्हणजे डागसुद्धा.
धुण्याच्या दगडावर आबांचा शर्ट उलगडून
अव्वा हा शब्द दातओठ खाऊन म्हणायची.
आबांना कितीतरी वर्षं वाटत होतं,
बायको कौतुक करते.

शेवटचा थर निघाला. पत्रा लगेच आला नाही.
पांढऱ्या प्रायमरवर पेन्सिलीच्या दोन रेघा.
वरची मराठीसाठी, अक्षरं टांगायला.
खालची कन्नडसाठी, अक्षरं बसवायला.
मधे चार बोटं जागा.
काय लिहायचं ते मालकानं सांगायच्या आधीच
आबांनी दोन्ही आखून ठेवल्या होत्या.

वैशाखाचं ऊन पाटीवर आलंय.
कडेचं जुनं डांबर मऊ पडून हाताला लागतं.
आतून अव्वाची हाक, ताट वाढलंय.
मेल पुन्हा: गाव?
मी फोन उचलते,
आणि काचेवर, रिकाम्या चौकटीत,
एक काळं बोट उमटतं.