बॉयलर

कॅल्डर नदीच्या काठी, चॅपलच्या मागल्या हॉलात
दर गुरुवारी सात ते नऊ आमची तालीम.
चारशे वर्षांपूर्वीचं नाटक, फोटोकॉपी केलेलं.
पानाच्या वरच्या अर्ध्यात संवाद,
खालच्या अर्ध्यात बारीक टायपात त्यांचे अर्थ.
मी प्रॉम्प्टर. कोट अंगातच,
कारण बॉयलर तिसऱ्या आठवड्यातही बंद.

अनोळखी शब्दांचा त्रास नसतो.
ते पाहुण्यासारखे दारात थांबतात,
आपण नाव-गाव विचारून आत घेतो.
घात करतात ते ओळखीचे.
राजा ओरडतो, ‘प्रेझेंटली!’
आणि आमचा डेन्झिल, टपाल खात्यात बत्तीस वर्षं,
डुलत निघतो, जणू आधी चहा होणार आहे.
अरे बाबा, तेव्हा त्याचा अर्थ होता आत्ता, या घटकेला, पळ!
माणसं ‘आलोच’ म्हणत राहिली आणि आलीच नाहीत,
शेवटी शब्दच उशिरा यायला लागला.

‘लव्ह’ आणि ‘प्रूव्ह’ यांचं यमक तेव्हा जुळायचं म्हणे.
आता ओळींच्या टोकांना बसतात दोघं,
काडीमोड झालेलं जोडपं
एकाच लग्नाच्या पंगतीत आल्यासारखी.

तिसरा अंक. बाप मुलीला घराबाहेर काढतो.
मुलगी म्हणजे ऑडेट, एकोणीस वर्षांची,
आजोबा ग्रेनाडाहून हडर्सफील्डला आलेले.
रडते छान, पण एक ओळ उशिरा.
‘इथे,’ हर्मायनी बाई टाळी वाजवतात, ‘इथे तुटतं काहीतरी!’
ऑडेट पानावर बोट ठेवते.
‘इथे? इथे तर तो शांत होतो.
प्रवास सुखाचा होवो म्हणतो. शिवीसुद्धा नाही.’

तेव्हा रेडिएटरमागून एक डोकं वर आलं.
विल्फ मिडग्ली, वय एक्याऐंशी, हातात पाना.
‘आत्तापर्यंत तो तिला “दाउ” म्हणत होता, पोरी.
शिव्यासुद्धा “दाउ”तच दिल्या.
इथे “यू” म्हणाला.
संपलं की मग.’

पाइपात कुठेतरी पाणी गुरगुरलं.

पाना पुसत विल्फ सांगत राहिला.
बाप आम्हाला ‘दा’ म्हणायचा, आम्ही बापाला ‘यू’.
उलटं झालं की कानाखाली.
शाळेत ‘दा’ तोंडातून निघालं की पट्टी.
एफी, माझी बायको, जन्मभर मला ‘दा’ म्हणाली.
एकदाच तीन दिवस ‘यू’ म्हणत होती,
अख्खा पगार मी घोड्यावर लावला तेव्हा.
आम्ही हसलो. तोही हसला.
‘मुलं लीड्सला. ती कुत्र्यालाही “यू” म्हणतात.
मला “दा” म्हणणारं आता कुणी नाही.’

मी वहीत पाहत राहिले.
माझ्या भाषेने आपला ‘तू’ कुठे ठेवला?
थोडा प्रार्थनेत, देवापुरता,
थोडा या फोटोकॉपीत,
आणि उरलेला या म्हाताऱ्याच्या
अवजारांच्या पेटीत, वॉशरांच्या डबीखाली.

ऑडेटने प्रवेश पुन्हा मागितला.
या वेळी ‘यू’ आलं तेव्हा ती रडली नाही.
अर्धं पाऊल मागे सरली फक्त,
बसता बसता कुणी खुर्ची ओढावी तशी.
मी पुढची ओळ सांगायची होते. विसरले.

नऊला बॉयलर धडधडून पेटला.
विल्फने पेटी उचलली.
दारात ऑडेट त्याला म्हणाली, जीभ अडखळत,
‘आय थँक दाउ.’
एकोणीसची पोर, एक्याऐंशीचा माणूस.
डेन्झिलने श्वास धरला.

विल्फ तिच्याकडे बराच वेळ पाहत राहिला.
‘“दी”,’ मग म्हणाला. ‘तिथे “दी” हवं.
व्याकरण शिकवत नाहीत का हल्ली?’
आणि टोपी डोळ्यांवर ओढून थंडीत निघून गेला.

पुढच्या गुरुवारी बॉयलर पुन्हा बंद.
कुणी बिघडवला, हे कुणीच विचारलं नाही.
ऑडेटने फोन आधीच केला होता.